मोरचुदातलं पाणी

"मोरचूद आहे?"

झुंबरनं मान वर केली. दुकानापुढे एक छत्री उभी होती... उलटी झालेली, दोन काड्या मोडलेली. आणि छत्रीखाली एक माणूस, छत्रीपेक्षाही वाईट अवस्थेत. नाकाच्या शेंड्यावरून पाणी ठिबकतंय, आणि चेहरा असा, की नुकताच कुणाला तरी पोचवून आलाय.

सन अडतीसचा भादवा. झड लागलेली. सूर्य कुठे गेला, हे धुळ्यात कुणालाच ठाऊक नव्हतं. भिंतींना ओल, गुळाला पाझर, मिठाच्या पोत्याखाली तळं. गादीवर झुंबरचे वडील, तोताराम नाना, तोंडावर उपरणं घेऊन पडलेले. पिंपळनेरची शेती भावांवर टाकून नाना धुळ्यात आले, किराणा नि काष्ठौषधींचं दुकान घातलं. आणि पाय धरल्यापासून उपरण्याखाली मुक्काम. दुकान झुंबर बघायची.

"आहे," ती म्हणाली. "किती देऊ?"

"पावशेर."

"बैलाला काय झालं?"

"कुठल्या बैलाला?"

इथंच झुंबरनं तराजू खाली ठेवला. पावसाळ्यात बैलांच्या खुरांत चिखल्या होतात, त्यासाठी शेतकरी मोरचूद न्यायचे. येणारा आधी बैलाचं नाव सांगायचा, मग कुठला पाय ते सांगायचा, मग घामाघूम होईस्तोवर भाव करायचा. ह्याला बैलच नाही. आणि हा भाव विचारत नाही! मोरचूद घेताना जो भाव करत नाही, त्याला उद्याची फिकीर नाही.

"मग कशाला पाहिजे?"

"कामाला," तो म्हणाला, आणि असा उसासा टाकला की मापातले तीळ उडाले.

निळा मोरचूद विषारी, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. आणि हा असला चेहरा झुंबरच्या चांगला ओळखीचा होता. रोज सकाळी हंड्यातल्या पाण्यात तिला तोच दिसायचा.

कारण तिच्या पदराच्या टोकाला एक गाठ होती, आणि गाठीत मोरचुदाचा खडा. नवरा तापानं गेला, पांढरं कपाळ घेऊन ती बापाच्या घरी आली, तेव्हापासून. दसरा झाला, कापूस फुटला, की एरंडोलहून दीर न्यायला येणार होता. हिलाल त्याचं नाव. त्याला वेचणीला फुकटचे दोन हात हवे होते. आणखीही काही हवं होतं. ते झुंबरनं बापालाही सांगितलं नव्हतं. तिनं ठरवून टाकलेलं. हिलाल दारात आला की गाठ सोडायची.

पण स्वतःचं ठरवणं निराळं. दुसऱ्याच्या हातात आपण पुडी द्यायची?

ती आत गेली. खडीसाखरेचे खडे घेतले, ओल्या फडक्यावर निळीची गोळी घासली, खड्यांना झकास रंग चढवला. पुडी बांधून आणली आणि गंभीर तोंडानं त्याच्या हातात ठेवली.

"घरी जाऊन सोडा. आणि सोडायच्या आधी... आईची आठवण काढा."

"आईची?" तो गोंधळला. "बरं. काढतो."

पैसे ठेवून तो झडीत दिसेनासा झाला. त्या रात्री झुंबरला भाकर गोड लागली नाही.

दुसऱ्या दिवशी छत्री परत आली. छत्रीखाली माणूसही होता! झुंबरचा जीव भांड्यात पडला, तोंडावर मात्र तिनं काही दिसू दिलं नाही.

"बाई, तुमच्या मोरचुदाचा पाक झाला."

"पाक?"

"एकतारी. मी गिरधर. शाळेत सायन्स शिकवतो. वर्गासमोर खापरीत तापायला ठेवला. पोरांना म्हटलं, बघा हां, आता ह्याचा निळा रंग जाईल. गेला! तांबूस झाला, फसफसला, आणि अख्ख्या शाळेत जिलबीचा वास. मागच्या बाकावर उखर्डू म्हणून एक कार्टं आहे. ते म्हणतं, मास्तर, पुन्हा करून दाखवा, मी ताटली आणतो. हेडमास्तर वास घेत घेत आले. मला विचारतात, कुणाचं बारसं?"

झुंबरनं पदर तोंडाला लावला. मग तिला ते आवरेना. ती हसली... इतक्या दिवसांनी, की गाल दुखले.

"हसता काय? फसवलंत मला."

"वाचवलं. तुमचं तोंड बघून मला वाटलं..." ती थांबली. "वाटलं, तुम्ही खाणार."

त्यानं ओला चेहरा बाहीनं पुसला.

"अहो, माझं तोंड जन्मापासून असंच आहे! माझ्या बारशाला आलेल्या बायका आईचं सांत्वन करून गेल्या."

"मग भाव का नाही केला?"

"पैसे शाळेचे होते ना!"

उपरण्याखालून खोकल्यासारखा आवाज आला. झोपेत नाना खोकायचे.

"आता खरा द्या," गिरधर म्हणाला. "पण आता विश्वास नाही. इथं तापवून बघणार, मगच नेणार."

झुंबरनं शेगडी पुढे सरकवली, खापरीचा तुकडा दिला. त्यानं एक खडा उचलून तिच्या तळहातावर ठेवला. ठेवताना बोट लागलं... चुकून. निदान त्या दिवशी तरी चुकून.

"कोरडा आहे?"

"ठणठणीत."

"आत पाणी आहे."

"काहीतरीच!"

"खरंच. ओल नाही, दमटपणा नाही. खड्याच्या बांधणीतच बसलेलं पाणी. त्याला म्हणतात स्फटिकजल. घराच्या छपराला जसं आढं, तसं खड्याला ते. ते आत आहे तोवर हा निळा, टोकदार, ऐटबाज. तापवलं की ते निघून जातं, आणि मग..."

खापरीत खडा तडतडला. बारीक वाफ निघाली. कडा फिकुटल्या. बघता बघता तो ऐटबाज निळा खडा खचला, आणि खापरीत उरली पांढरी भुकटी.

झुंबर बघत राहिली. तिचा हात आपसूक कपाळाकडे गेला.

"मेला?" तिनं हळूच विचारलं.

"कोण?"

"खडा."

"छे हो. तांबं त्याचं त्याच्याजवळ आहे, बाकीचंही आहे. फक्त पाणी गेलं."

त्यानं खापरी निवू दिली. मग पन्हळीखाली बोट धरून त्यानं थेंब आणला, भुकटीवर सोडला. जिथं थेंब पडला तिथं निळा रंग असा उमटला, जसं कुणी हाक मारल्यावर मागे वळून बघावं.

"खालून हात लावा."

तिनं लावला. "अगंबाई, गरम! पाणी तर गार टाकलंत..."

"पाणी परत आलं की त्याचं अंग तापतं. बरं वाटतं त्याला."

"असं पुस्तकात लिहिलंय?"

"अंग तापतं, इतकं पुस्तकात आहे," गिरधर म्हणाला. "बरं वाटतं, हे माझं."

त्यानंतर मास्तरांना काय काय लागायला लागलं! आज सुंठ, उद्या ओवा, परवा हिंग. एवढा ओवा खाणारा माणूस पोटानं धडधाकट कसा, असं शेजारच्या यशोदाकाकूंनी एकदा विचारलंच. आणि झुंबरला त्या नव्या शब्दाचा असा नाद लागला, की दिसेल त्याला ती तो लावून बघायची.

"मास्तर, गूळ पाझरलाय. हे स्फटिकजल?"

"नाही. ती हवेतली ओल. बाहेरून आली, बाहेर जाईल. स्फटिकजल म्हणजे... जे गेलं की खडा खडाच राहत नाही, ते."

"मग यशोदाकाकू? काका बडोद्याला गेले, दुसरीकडे बिऱ्हाड केलं. काकूंची पार भुकटी झाली."

"हां! हे बरोबर लावलंत. पण गुण थोडे कापतो."

"का म्हणून?"

"काकूंना तापवलं कुणी, ते सांगायचं राहिलं."

झुंबर तराजूच्या दोरीशी चाळा करत राहिली. बाहेर झड एकसुरी पडत होती.

"आणि माझं?" तिनं विचारलं. "मी तर... पांढरीच."

छत्रीची मोडकी काडी गिरधर सरळ करत बसला.

"मी तुम्हाला निळंच बघितलंय," तो शेवटी म्हणाला. "पहिल्या दिवशी. पुडी दिलीत तेव्हा तुमची बोटं निळीनं माखली होती. मी म्हटलं, ह्या बाईनं काय केलंय कोण जाणे... पण मनापासून केलंय."

त्या रात्री झुंबरनं पदराची गाठ चाचपून बघितली. सोडली नाही. नुसती मुठीत धरून पडून राहिली.

दसरा झाला. हस्ताचा पाऊस पुन्हा झोडपायला लागला. आणि एका दुपारी एरंडोलहून आलेल्या गाडीवानाकडून निरोप आला: हिलाल उद्या येतोय, वहिनीला तयार ठेवा.

गिरधर आला तेव्हा ती शेगडीपुढे बसली होती. शेगडी विझलेली.

"काय देऊ?" तिनं विचारलं. "ओवा संपला."

"ओवा राहू द्या. काय झालं?"

"उद्या हिलाल येतोय. न्यायला."

"जाऊ नका."

"मग कुठं राहू? नानांच्यानं त्याच्यापुढे बोलवत नाही. मागं दोनदा तो हे सांगायला आला, तेव्हाही बोलवलं नाही."

"माझ्याकडे राहा."

पाऊस पत्र्यावर इतका वाजत होता, की तिला वाटलं आपण दुसरंच काही ऐकलं. पण त्याचे कान लाल झाले होते.

"पाट लावून? विधवेशी?" ती कसंनुसं हसली. "मास्तर, बिनलग्नाच्या पुरुषाला पाट लावायचा तर आधी रुईच्या झाडाशी लग्न लावतात. ठाऊक आहे?"

"आहे ना. पांझरेच्या काठाला जाऊन एक रुई बघूनही आलो."

"कशी आहे?"

"गप्प असते. आणि मोरचुदाऐवजी खडीसाखर देणाऱ्यातली वाटली नाही."

"मग तिच्याशीच करा संसार."

"तिला हसता येत नाही."

झुंबरनं विझलेली शेगडी उकरली. "पाट अंधारात लागतो. सवाष्णी तोंड फिरवतात. माझ्यासोबत तुम्हालाही लोक..."

"माझा चेहरा बघितलात ना? लोकांनी तोंड फिरवायची मला सवय आहे."

झुंबरनं पदराचं टोक पुढे घेतलं आणि गाठ सोडायला लागली. दमट हवेनं गाठ आवळून गेली होती. नखं दुखली, शेवटी दात लावावे लागले. खडा निघाला, अंगाला लागून लागून कडा झिजलेला, पण निळा. तिनं तो गिरधरच्या हातावर ठेवला.

"हा घ्या."

"ह्या वेळी तरी खडीसाखर नाही ना?"

"नाही," झुंबर म्हणाली. "हा मी माझ्यासाठी ठेवला होता. उद्यासाठी."

गिरधरनं खड्याकडे बघितलं, मग रिकाम्या पदराच्या टोकाकडे. जन्मापासून ज्या चेहऱ्याला लोक दुःखी म्हणत आले होते, तो खरा दुःखी झाला की कसा दिसतो, ते झुंबरनं तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. त्यानं मूठ मिटली.

"मास्तर, ली जा तो खडा."

दोघंही दचकले. तोताराम नाना गादीवर उठून बसले होते. उपरणं मांडीवर, डोळे टक्क उघडे.

"नाना, तुम्ही जागे?"

"रोजच जागा ऱ्हास मी." नानांचा आवाज घोगरा झाला. "बठ्ठं माहित व्हतं माले. ती गाठ रोज देखू. पन 'सोड' म्हनाले मनी जीभ उचलनी नही, बेटा. बाप शे मी, आन् उपरणं तोंडवर ली पडी ऱ्हायनू." त्यांनी नाक पुसलं. "उद्या हिलालले मी सांगसू. हाई पोर येवाव नही. मास्तर, तुम्ही ती रुई पक्की करा."

झुंबर बापाजवळ गेली नाही. जागेवरच बसून राहिली, दोन्ही हात मांडीवर घेऊन. तिला एकदम फार दमल्यासारखं झालं होतं.

गिरधर पायरी उतरला. छत्री उघडायचीही त्याला आठवण राहिली नाही. मिटलेली मूठ छातीशी धरून तो त्या पावसात निघाला.

"मास्तर!" झुंबरनं हाक मारली. "भाव नाही विचारलात!"

तो वळला. नाकाच्या शेंड्यावरून पुन्हा तसंच पाणी ठिबकत होतं.

"विचारून काय करू?" तो म्हणाला. "घ्यायचा तर आहेच."

तो गेला. पदराच्या टोकाला गाठीच्या चुण्या तशाच होत्या, आणि मधोमध एक निळा डाग. झुंबर अंगठ्यानं त्या चुण्या सपाट करत राहिली. पाऊस काही थांबला नाही. दिवेलागण झाली तेव्हा तिनं शेगडीत नवे कोळसे घातले आणि नानांना विचारलं, भाकर आत्ता टाकू, की मागून.