वाढीव वर्षं

आखातातल्या मनामाच्या विमा कचेरीत राजन दातारला सगळे ‘हिशेबी’ म्हणत, आणि त्यात काही खोटं नव्हतं. रस्त्यावर माणूस गेला की त्याची फाइल राजनच्या टेबलावर येई. पंचावन्नातून वय वजा करायचं, उरलेल्या वर्षांना वर्षाच्या कमाईने गुणायचं, माणसाचा स्वतःचा खर्च म्हणून निम्मं सोडायचं. राहील ती भरपाई. एकदा जेवणाच्या सुट्टीत त्याने गमतीत स्वतःचीही वर्षं काढली होती: पंचावन्न वजा छत्तीस, एकोणीस. घरी बायकोला सांगितलं तेव्हा लीना दोन दिवस त्याच्याशी बोलली नव्हती.

१९८१च्या जुलैत विलास कर्वेची फाइल आली. रिफाच्या रस्त्यावर टँकरने त्याला उडवलं होतं. वय चौतीस, महिन्याचा पगार एकशे ऐंशी दिनार. ज्याच्याशी दर शुक्रवारी कॅरम खेळायचा, त्याचीच उरलेली वर्षं राजनला मोजायची होती. एकवीस. पण फाइलला डॉक्टरांचं पत्र टाचलेलं होतं: हृदय कमजोर, फार तर दोन वर्षं. मंजुरीची सही करणाऱ्या ताहिरसाहेबांनी त्या दोनाभोवती पेन्सिलीने गोल केला होता.

विलासची बायको नीला समोर बसली होती. मनगटं उघडी. बांगड्या वाढवून तिला पंधरा दिवस झाले होते. बांगडी फुटली असं आपल्यात कोणी म्हणत नाही. ती वाढते, आणि हात तेवढा रिकामा होतो.

“भाऊजी, दोन वर्षांत थोरली दहावीलाही पोचायची नाही. व्हिसा महिनाअखेर संपतोय. पुण्यात दीर दारात उभं करणार नाहीत. पोरींना घेऊन जाऊ कुठे?”

“वहिनी, माझ्या हातात काही नाही.”

“वर्षं तेवढी वाढवा.”

“कुठून आणू?”

“कुणाची तरी उरली असतील की.”

ती रडत नव्हती, आणि तेच राजनला सोसवेना.

“वाढवतो,” तो म्हणाला.

घड्याळात बारा वाजले होते. त्याने बेरजेच्या यंत्रात दोनऐवजी एकवीस घातले आणि दांडा ओढला. कागदाच्या पट्टीवर काळ्या शाईत २१ उमटले. त्याखाली, लाल शाईत, उणे १९.

त्याने उणे काही घातलंच नव्हतं. पट्टी फाडून पुन्हा दांडा ओढला. पुन्हा लाल एकोणीस. सात आणि पाच मिळवून पाहिले. बारा, आणि खाली तेच. एकविसातून दोन गेले की एकोणीसच राहतात, यंत्र कुठेतरी अडकलं असेल, असं त्याने मनाला बजावलं. मग त्याला ते दुसरे, जेवणाच्या सुट्टीतले एकोणीस आठवले.

अजून दोन लिहिता आले असते. पेन हातात होतं.

“झालं का, भाऊजी?” नीलाने विचारलं.

त्याने फाइलवर एकवीस लिहिले.

ताहिरसाहेबांनी पानं उलटली. “राजन, वो डॉक्टर का लेटर किधर?”

टाचणी जागच्या जागी होती. पत्र नव्हतं. राजनने खाली वाकून टेबलाखालीही पाहिलं.

“लेटर मफी? नहीं है? तो खलास.” साहेबांनी सही केली. बावीस हजार सहाशे ऐंशी दिनार. नीलाने पदराने तोंड झाकलं आणि मग कुठे तिला रडू फुटलं. राजनला आनंद व्हायला हवा होता.

संध्याकाळी अरादला घरी परतताना त्याने गाडीचा काटा तीसच्या वर जाऊ दिला नाही. मागच्या गाड्या हॉर्न वाजवत पुढे गेल्या. घर दिसलं तेव्हा त्याला हसूही आलं. पोचलो की.

दार उघडंच होतं. लीना जमिनीवर बसून वाटीत हिरव्या काचा वेचत होती.

“हात कुठे आपटलास?”

“कुठेच नाही, अहो. दुपारी बारा वाजता नुसती बसले होते, तर एकेक करत आपोआप वाढल्या.”

तिने दोन्ही हात पुढे केले.

“एकच राहिली होती. ती आत्ता, तुमची गाडी खाली थांबली तेव्हा वाढली.”