चोरखमाऱ्याच्या पाळीवरचा तिसरा टेक

टेकचंद तेवीस वर्षांचा असताना भुपेंद्रने त्याला आपल्या पहिल्या सिनेमात नायकाच्या भावाचं काम दिलं होतं. सिनेमा लागला तेव्हा टेकचंद बायकोला, आईला, अख्ख्या मोहल्ल्याला घेऊन गोंदियाच्या टॉकीजमध्ये बसला. अडीच तासांत पडद्यावर तो एकदाही दिसला नाही.

"लंबाई ज्यादा होऊन राहिली होती यार," भुपेंद्र म्हणाला.

मग टेकचंद कॅमेरा शिकला. अठरा वर्षं त्याने दुसऱ्यांचे चेहरे उजळले. यंदा भुपेंद्रचा फोन आला. कॅमेरा टेकचंदनेच सांभाळायचा, पण नायकाच्या बापाचा रोलही त्याचाच. त्याच्या शॉटला असिस्टंट मंजू कॅमेऱ्यावर राहील. टेकचंदने दोन महिने दाढी वाढवली.

शूटिंगच्या पहिल्या दिवशी सकाळी आठला चोरखमारा तलावाच्या पाळीवर, मातीच्या बांधावर, युनिट पोचलं. बापाच्या रोलचे कपडे घालून नागपूरचा एक नट चहा पीत होता.

"मंग मले दाढी काऊन वाढवाले लावली?"

"प्रोड्यूसरचा माणूस आहे तो. तू कॅमेऱ्यामागंच शोभतं," भुपेंद्र त्याच्याकडे न बघता म्हणाला.

टेकचंदने हेडफोन चढवला, डोळा कॅमेऱ्याला लावला.

पहिल्या टेकला नट पाळीवरून चालत आला. पाणी, धानाची हिरवी बांधी, सगळं लख्ख होतं. नट तेवढा फिका. टेकचंदने लेन्स पुसली.

दुसऱ्या टेकला पाळीवर नुसती सावली चालली. त्याने डोळा काढला. नट होता. डोळा लावला. नव्हता.

सांगायला हवं होतं. त्याने पुढच्या टेकसाठी फोकस लावला.

तिसऱ्या टेकला "असा नाही, असा चाल," म्हणत भुपेंद्र स्वतः पाळीवर गेला, नटाचा हात धरून उभा राहिला. टेकचंदने सावकाश कॅमेरा त्याच्याकडे वळवला.

फ्रेममध्ये नुसतं पाणी.

या वेळी डोळा काढला, तरी नुसतं पाणीच.

टिटवी ओरडली. मागे मंजू निवांत उभी होती.

"भुपेंद्र कुठं गेला?" त्याने विचारलं.

"कोण भुपेंद्र, सर?"

तिच्या चेहऱ्यावर खरोखरच प्रश्न होता.

कॅमेरा चालूच होता. हेडफोनमध्ये अगदी कानाशी, दम लागल्यासारखा कुणीतरी श्वास घेत होता.

"टेकचंद, कट म्हण ना रे," भुपेंद्रचा आवाज आला.

त्याने हेडफोन काढून गळ्यात अडकवला.




"चला, पुढचा शॉट लावू," तो मंजूला म्हणाला.