एका मशीनवर एकच गाव

औरंगपुऱ्यात गाडी लावायला पहिल्याच फेरीत जागा मिळाली, तेव्हाच मला कळायला हवं होतं की आजचा दिवस काही साधा नाही. बाहेर भुरभुर पाऊस, ओढणीखाली जपून आणलेला माझा गेम, आणि सुदर्शनच्या दुकानात पाय ठेवायला जागा नाही.

सुदर्शन मोबाइलपासून मिक्सरपर्यंत काहीही उघडतो. हा हातात धरून खेळायचा कन्सोल मी दोन वर्षांपूर्वी त्याच्याकडूनच जुन्यात घेतला होता. आता त्याची पाठ फुगली होती. सुदर्शननं तो उलटा केला, पाठीवरून अंगठा फिरवला आणि तोंड वाकडं केलं.

"बॅटरी फुगेली है, मॅडम. बदलून देतो, पण आतलं बोर्डबी गेल्यात जमा आहे. दिवाळीपर्यंत चाललं तर चाललं. जो भी है अंदर, दुसऱ्या मशीनवर हलवून घ्या."

"हलवता येतं?"

"येतं," माझ्या मागून आवाज आला. "पण तुम्हाला नाय हलवता यायचं."

मी वळले. उंच, सावळा, खांद्याला कंपनीची बॅग, केसांत पावसाचे थेंब... आणि नजर माझ्याकडे नाहीच, सरळ माझ्या कन्सोलच्या पाठीकडे. तिथं कापसाच्या बियाण्याचं एक अर्धवट निघालेलं स्टिकर होतं.

"का बरं नाही येणार?" मी विचारलं. अनोळखी माणसानं 'तुम्हाला जमणार नाही' म्हटलं की माझं डोकं फिरतं. माझं ठरलेलं लग्न मोडलं, तेही थोडंफार याच गुणापायी.

"कारण गाव माझ्या नावावर आहे," तो म्हणाला, आणि स्वतःचंच वाक्य ऐकून लाजला. "म्हंजे... आत एक गाव आहे ना? नदीकाठी संत्र्याची झाडं? एक चष्मेवाली शेळी?"

मी त्याच्याकडे बघतच राहिले. "तुम्ही... इंद्रा?"

"इंद्रजीत. इंद्रा गेममधी."

आता हे जरा समजावून सांगते. त्या गेममध्ये तुम्हाला एक ओसाड जागा मिळते आणि तिथं तुम्ही गाव वसवायचं. झाडं लावायची, रस्ते करायचे, गावात राहायला येणाऱ्या शेळ्यामेंढ्यांशी, अस्वलांशी गप्पा मारायच्या. पण नियम असा, की एका मशीनवर एकच गाव. नवं हवं असेल तर आधीचं पुसावं लागतं. मी कन्सोल घरी आणला तेव्हा आत आधीच एक गाव होतं. सुदर्शननं ते पुसायचा आळस केला होता. कुणीतरी एवढं राबून वसवलेलं... माझ्याच्यानं काही ते पुसवलं नाही. मी कडेला एक लहानसं घर बांधलं आणि राहिले.

तेव्हा नुकतंच लग्न मोडलं होतं. पुंडलिकनगरात आमच्या गल्लीत दूध आणायला निघालं तरी चार बायका मान तिरकी करून विचारायच्या, "स्वराली, झालं काय गं नेमकं?" मी घराबाहेर पडायचंच सोडलं. ती चष्मेवाली शेळी मात्र रोज एवढंच विचारायची, की बरी आहेस ना, आणि इंद्राची काही खबर? 'का मोडलं' हे तिनं एकदाही विचारलं नाही. हसू येईल तुम्हाला, पण त्या दिवसांत मला त्या गावानं सांभाळलं.

आणि आता गावाचा मालक समोर उभा होता. बॅगेतून नवं कोरं मशीन काढून.

"सहज चौकशीला आलतो," तो सांगत होता. "दर खेपेला इचारतो मी यांना, माझं मशीन परत आलं का म्हणून. तुम्ही वापरताय म्हंजे तुमचंच झालं. पण बोर्ड गेलं तर दोघांचंबी जाईल."

"अभी के अभी करो ना," सुदर्शन म्हणाला. "वायफाय है."

"आज नाही," मी इतक्या जोरात म्हणाले की शेजारचा माणूस दचकला. "मला आठवडाभर द्या."

"कामून?"

"आवरायला."

तो वाद घालेल असं वाटलं होतं. पण त्यानं मान हलवली. "आवरा. घर सोडताना आवरावंच लागतं," तो म्हणाला आणि नंबर मागितला.

त्या आठवड्यात रोज संध्याकाळी त्याचा मेसेज यायचा, "गाव शाबूत?" मी उत्तर द्यायची, "शाबूत." एकदा मी पुढं लिहिलं, "शेळी तुमची आठवण काढते." त्यावर बराच वेळ टिंबं नाचत राहिली... मग आलं, "फक्त शेळीच?" मी फोन पालथा ठेवला. मग परत सुलटा केला. असं मी बरेचदा केलं.

शुक्रवारी कंपनीतून सुटून फुलंब्रीची गाडी पकडायच्या आधी तो मला भेटायला निराला बाजारात कॉफीसाठी थांबला. मी खरं तर भांडायला गेले होते. दोन वर्षं पाणी मी घातलं, बी मी पेरलं, आणि आता हा म्हणणार गाव माझं!

"घरी खरं शेत असताना गेममध्ये शेती कशाला हवी माणसाला?" मी कॉफी यायच्या आधीच सुरुवात केली. "आमच्याकडे कुंडीत तुळस जगत नाही. मी खेळले तर समजण्यासारखं आहे."

"खऱ्या शेतात माझं कोण ऐकतंय?" तो हसला. "तिथं आमच्या वडलांचं, तात्यासाहेबांचं राज्य. ते म्हणले कापूस की कापूस, अद्रक की अद्रक. मी म्हणलं फळबाग लावू, तर म्हणले आधी परीक्षा पास हो. परीक्षा काय झालो नाय. एक दिवस घरी आलो तर मशीन दुकानात देऊन टाकल्यालं." हसत हसतच सांगत होता, पण कपातला चमचा उगाच फिरत होता. "मी ठरवलं अन् ते उगवलं, अशी तेवढीच जमीन होती बघा."

मग मला भांडता येईना. माझ्याइतकंच त्याचंही त्या गावावाचून अडलं होतं, हे मला तोवर सुचलंच नव्हतं.

"एक विचारू?" मी म्हणाले. "मी आर्किटेक्टकडे नकाशे काढते. रिकामी जागा दिसली की मला झोप येत नाही. बागेच्या कडेला तो कोपरा मोकळा का सोडलात? मी तिथं बाक ठेवलाय."

"ट्रॅक्टर वळायला."

"गेममध्ये ट्रॅक्टर कुठंय?"

"नाय. पण वळणाला जागा नसंल तर ते शेत कसलं?" तो अगदी गंभीरपणे म्हणाला. मग माझा चेहरा बघून त्यालाही हसू फुटलं, आणि आम्ही दोघं आजूबाजूचे लोक बघेपर्यंत हसलो. त्या संध्याकाळी त्याची फुलंब्रीची एक गाडी चुकली. मग दुसरीही चुकली.

रविवारी दुपारी तो आमच्या घरी आला. ठरलंच होतं तसं. दोन्ही मशीनं शेजारी शेजारी लागतात, दोन्ही चार्जरवर, एकाच वायफायवर, आणि मध्ये कुणी बंद करायचं नाही. बाबा पेपर घेऊन गॅलरीत सरकले. आई चहा घेऊन आली आणि दोन वर्षं दाबून ठेवलेली चौकशी तिनं एका दमात काढली.

"फुलंब्रीचे का? बरं, बरं. शेती किती म्हणालात?"

"कुठली, काकू? खरी का ह्या मशीनमधली?"

आई आधी गोंधळली, मग इतकी हसली की चहा बशीत सांडला. आत जाताना तिनं माझ्याकडे वळून बघितलं. मी मुद्दाम चार्जरची वायर नीट करत बसले.

त्यानं सगळ्या परवानग्या दिल्या, पासवर्ड टाकला. शेवटी पडद्यावर सूचना आली: गावातले सर्व रहिवासी सोबत जातील. जुन्या मशीनवर काहीही उरणार नाही.

"सर्व म्हणजे?" मी विचारलं.

"शेळी, अस्वल, सगळे." तो थांबला. "अन् तुम्ही. तुमचं घरबी गावासंगं माझ्या मशीनवर येईल. नको असंल तर आधी काढून टाकता येतं. पण ते ज्याचं त्यालाच काढावं लागतं. मला नाय काढता येत."

हे मला माहीत नव्हतं. मी आवरलं होतं ते निरोप घ्यायचा म्हणून. फुलं वेचली, शेळीला हार घातला, आणि घर सोडून निघायची मनाची तयारी केली होती. माझ्या घरासकट सगळंच दुसऱ्याच्या हातात जाईल, हे ध्यानीमनी नव्हतं.

माझं लग्न एका टेबलावरून मोडलं. खरंच. मुलाचा फ्लॅट बघायला गेले तेव्हा विचारलं होतं, की माझं नकाशे काढायचं टेबल कुठं ठेवायचं? सगळे गोड हसले. "अगं, आधी ये तर, मग बघू." प्रत्येक वेळी तेच, मग बघू. त्या घरात सगळ्या गोष्टींची जागा ठरलेली होती, फक्त माझी नव्हती. मी नाही म्हटलं. टेबलासाठी कुणी लग्न मोडतं का, असं आमची गल्ली अजून म्हणते.

"काढून टाकते," मी म्हणाले आणि जुनं मशीन हातात घेतलं.

"कामून पण?"

"दुसऱ्याच्या मशीनवर, दुसऱ्याच्या गावात पाहुणी म्हणून नाही राहायचं मला. दोन वर्षं राहिले, पुरे झालं."

माझा अंगठा बटणावर होता.  त्यानं मशीन माझ्या हातातून घेतलं नाही.

"पाहुणी कामून?" शेवटी तो हळू आवाजात म्हणाला. "मी गावात नव्हतो. पाणी तुम्ही घातलं, नदीवर पूल तुम्ही बांधला, त्या शेळीचं रोज ऐकून तुम्ही घेतलं. माझं नुसतं नाव आहे. कसेल त्याची जमीन, असं आमचे आजोबा म्हणायचे. तात्यासाहेब नाय म्हणत, ते सोडा." मी हसले नाही हे बघून तो जरा पुढं सरकला. "तुम्ही घर काढलं तर मी काय म्हणणार? तुमचं घर आहे. पण मला इचाराल तर... ऱ्हावा. गावात ऱ्हावा. अन्..."

"आणि काय?"

त्यानं पंख्याकडे बघितलं. "अन् गावाबाहेरबी."

आत आईच्या हातातल्या भांड्यांचा आवाज थांबला. माझे कान गरम झाले. ये म्हणणारे भेटले होते. माझं दोन वर्षांचं घर माझंच आहे असं म्हणणारा हा पहिलाच. मी अंगठा काढला, मशीन टेबलावर ठेवलं आणि म्हणाले, "करा सुरू."

पडद्यावरची पट्टी सावकाश भरत होती. त्याचं कोपर माझ्या कोपराला लागलं होतं आणि दोघांपैकी कुणीही ते मागं घेतलं नाही. पट्टी भरली. जुन्या मशीनवर गेम उघडून बघितला, तर तो पहिल्या दिवसासारखा विचारत होता, नवं गाव वसवायचं का? आणि मला रडूच आलं.

"गेलं नाय," तो घाबरून म्हणाला. "हे बघा, इथंय. सगळं आहे." त्यानं नवं मशीन माझ्या हातात दिलं. खरंच सगळं होतं. बाक, पूल, माझं घर, एक फूलसुद्धा इकडचं तिकडं नव्हतं. पण ते वाईट दिवस मी ज्या मशीनला धरून काढले, ते टेबलावर रिकामं पडलं होतं. गाव हलवता येतं. त्या गावाला धरून बसलेली मी मात्र जुन्या मशीनपाशीच राहिले की काय, असं वाटून मी रडत होते. तो शेजारी बसून राहिला. 'रडू नका' म्हणाला नाही, हे मला फार आवडलं.

निघताना दारात त्यानं नवं मशीन पुढं केलं. "तुमच्याकडंच ऱ्हाऊ द्या."

"अहो, पण गाव तुमचं..."

"मला काय, येत जाईन. मशीन इथं असलं म्हंजे यायला कारण ऱ्हातं."

"न्या ते घरी," मी म्हणाले. त्याचा चेहरा पडला. पुढचं बोलायला मला फार धीर गोळा करावा लागला. "कारण कशाला हवंय? बिनाकारण या."

तो गेला. रात्री मेसेज आला नाही. 'गाव शाबूत?' विचारायला आता गाव त्याच्याचकडे होतं. सोमवारी ऑफिसात मी एक जिना दोनदा चुकीचा काढला. माणसानं इतकं स्पष्ट बोलू नये, असं स्वतःला शंभरदा बजावलं.

संध्याकाळी बेल वाजली. दारात इंद्रजीत, शर्ट अर्धा भिजलेला, दोन्ही हात मोकळे.

"मशीन?" मी विचारलं.

"घरी आहे."

"विसरलात?"

"नाय." त्यानं कपाळावरचं पाणी पुसलं. "तुम्हीच म्हणलात, कारण नको. म्हणून कायबी नाय आणलं. नुसता आलो."

मी उंबऱ्यातच उभी होते. समोरच्या गॅलरीतून एक मान तिरकी झालेली दिसली. शेजारचं दार किलकिलं झालं.

"इंद्रजीत, तू मला आवडतोस," मी म्हणाले. "ते गाव नसतं तरी आवडला असतास."

तो लाजून हसला. मग त्याचंही लक्ष त्या गॅलरीकडे गेलं. "हळू... लोक ऐकायलेत," तो कुजबुजला.

"ऐकू देत," मी म्हणाले आणि परत एकदा म्हटलं, गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं.