जुनंच माप

दिवेलागण झाली आहे, तर इथेच बस जरा. सांगते सगळं. फक्त मधे मधे "भास झाला असेल" म्हणू नकोस. ते मी स्वतःला सांगून दमले आहे.

घरातली बिलं भरायचं काम माझ्याकडे आहे. यतीन, माझा नवरा, दिवसभर घरी बसून इमारतींचे आराखडे काढतो, पण आकडेमोड म्हटली की त्याच्या कपाळाला आठ्या पडतात. त्या दिवशी ऊन कललं तरी सासूबाई आतल्या खोलीत झोपल्या होत्या. ठाकूरद्वारच्या आमच्या गॅलरीत कबुतरं घुमत होती. मी चहाचा कप शेजारी ठेवून माझ्या कार्डाचं स्टेटमेंट वाचत होते. किराणा, औषधं, माझ्या चपला. आणि त्यांच्या खाली एक ओळ: दौलत लेडीज टेलर्स, लालबाग.

लालबागला माझा टेलर नाही. खरं तर कुठेच नाही, मी तयार कपडे घेते. या कार्डाचा पिन माझ्याखेरीज फक्त यतीनला ठाऊक. आता तूच सांग, नवऱ्याने बायकोचं कार्ड गुपचूप नेऊन लेडीज टेलरकडे पैसे भरले, तर त्या बायकोने काय समजावं? माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

आणि मी मुळातच जळकी आहे. उगाच सोज्वळपणाचा आव आणत नाही. मी यतीनची दुसरी बायको. पहिली देविका, लग्नानंतर काही वर्षांतच तापाने गेली. ती गेल्यावर मी आले, पण ती काही गेली नाही. देविकाची कढी, देविकाची रांगोळी, देविका असती तर अमुक आणि तमुक. समोर असती तर कडाकडा भांडले असते. हार घातलेल्या फोटोशी काय भांडणार? मला यतीन हवा होता, अख्खा, माझा एकटीचा. त्यात आता आणखी एक जिवंत बाई?

मी तशीच त्याच्या टेबलापाशी गेले.

"हा टेलर कोण?"

त्याने स्क्रीनकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "तूच गेली होतीस ना? ब्लाऊज टाकून येते म्हणालीस."

"मी?"

"हो. त्या दिवशी दुपारी. येताना माझ्यासाठी फरसाण आणलंस." तो इतक्या सहज बोलला की मला वाटलं, हा माणूस खोटं बोलण्यात भलताच तरबेज झाला आहे.

मी त्याच्यादेखत बँकेला फोन लावला. हा खर्च माझा नाही, चौकशी करा, म्हणून तक्रार नोंदवली. दुसऱ्या दिवशी त्यांचा निरोप आला, की व्यवहार दुकानात, तुमच्याच कार्डाने आणि बरोबर पिन टाकून झाला आहे. तरी चौकशी सुरू आहे. म्हणजे यतीनच. बँकेच्या भरवशावर बसायचा धीर मला नव्हता. त्या बाईचं तोंड नाही तर नाही, निदान माप तरी बघू, म्हणून मी जेवणाआधीच टॅक्सी केली आणि लालबागला गेले.

दुकान एका चाळीच्या तळमजल्यावर होतं. शेजारच्या गिरणीत मिरची कुटत होते. भर उन्हातही आत अंधारल्यासारखं होतं आणि दोन मशिनींची खडखड चालली होती. दौलत मास्तर म्हणजे गळ्यात टेप टाकलेले म्हातारे गृहस्थ. मला बघून त्यांचा चेहरा खुलला.

"या वैनी. तयार आहे तुमचा. उद्या फोनच करणार होतो."

"माझा?"

"मग कुणाचा? तुम्हीच तर टाकलात ना. काय मस्करी करता गरिबाची?" त्यांनी फळीवरून पिशवी काढली. "मधे कितीतरी वर्षं फिरकला नाहीत. मला वाटलं, मोठ्या टेलरकडे जायला लागलात."

"मास्तर... मी इथे पहिल्यांदा येतेय."

ते हसले. मग माझ्याकडे नीट पाहून हसायचे थांबले. "बारीक झालात, ते मी त्या दिवशीही बोललो. म्हटलं, नवीन माप घेतो. तर तुम्ही म्हणालात, जुनंच माप ठेवा. भरेन मी हळूहळू."

मशिनींची खडखड चालूच होती. मला मात्र ती फार लांबून ऐकू येत होती.

घरी येऊन मी खोलीचं दार लावलं आणि पिशवी उघडली. वर मापाला दिलेला जुना ब्लाऊज होता. डांबरगोळ्यांचा आणि कापराचा वास. तो मी ओळखला. सासूबाईंच्या ट्रंकेत देविकाचे कपडे जपून ठेवलेले आहेत, त्यांतला. त्याच्याखाली नवा ब्लाऊज होता, मोरपंखी, बारीक जरीचा. ते कापडही मी ओळखलं. त्याची साडी माझ्याच कपाटात, तळाशी कोंबलेली होती. मी ती उपसून काढली. ब्लाऊजपीस नीट कात्रीने कापून घेतलेला होता.

ही साडी कुठली, ते सांगायला हवं. पितृपक्षात अविधवा नवमी येते, ठाऊक आहे ना? नवऱ्याच्या आधी, कुंकू लावून गेलेल्या बाईचा तो दिवस. तिच्या नावाने एका सवाष्णीला जेवायला बोलावतात, ओटी भरतात, साडी देतात. आमच्याकडे दरवर्षी शेजारच्या चंपावहिनी येत. जेवताना देविकाच्या आठवणी निघत, यतीन मान खाली घालून ऐके, आणि मी वाढता वाढता धुमसत राही. यंदा मी म्हटलं, बाहेरची कशाला? मीही सवाष्ण आहे, मीच बसते. मला त्या आठवणींचा कार्यक्रम बंद करायचा होता, दुसरं काही नाही. सासूबाई नको नको म्हणत होत्या. मी ऐकलं नाही. पाटावर बसले, जेवले, ओटी घेतली. साडी मात्र तिच्या नावाची, म्हणून घडीसुद्धा न मोडता कपाटात कोंबली.

आता मी तो नवा ब्लाऊज अंगात घातला. देविका उंचनिंच, भरलेल्या खांद्यांची होती, फोटोतही कळतं. मी तिच्यापुढे काडी. ब्लाऊज माझ्या अंगावरून घसरला असता, तर मी त्या क्षणी सगळं विसरायला तयार होते. पण तो बसला. खांद्यात, काखेत, पाठीवर, कुठे चुणी नाही. मी तो घाईने उतरवला आणि रोजचा कुर्ता चढवला. कुर्ता खांद्यात आवळत होता.

दारावर टकटक झाली. सासूबाई होत्या. पलंगावरचा मोरपंखी ब्लाऊज बघून त्या तिथेच उंबऱ्यावर थांबल्या.

"आई, हा मी नाही शिवला."

"मी तुला सांगत होते, घरातली बसत नाही." त्यांचा आवाज इतका हळू होता की मला पुढे वाकावं लागलं. "बाहेरची का लागते, ठाऊक आहे? ती जेवते, ओटी घेते आणि उठून आपल्या घरी जाते. जी आलेली असते, तिला बरोबर घेऊन जाते..."

"मग?"

"तू जेवलीस. पण तू कुठे गेलीस, उर्वी?"

त्या एवढंच बोलून गेल्या. मला भीती वाटली, खोटं कशाला बोलू? पण भीतीपेक्षा जास्त राग आला. माझ्या दुपारी कुठे जात होत्या? जेवण झालं की माझा डोळा लागे, जाग येई तेव्हा ऊन कललेलं असे आणि यतीन चहा टाकत असे. हल्ली चहा तोच टाकायचा. मी बापडी सुखावत होते, की नवरा अखेर माझ्याकडे वळला. त्या दुपारी कोण भोगत होतं? मी असताना, माझ्याच घरात! आणि एवढं होऊनही त्या दिवशी जेवल्यावर माझा डोळा लागलाच.

दुसऱ्या दिवशी सकाळीच मी बँकेत गेले. मला ती तक्रार तडीस न्यायची होती. तो खर्च माझा नाही, एवढं कुणीतरी शिक्का मारून लिहून द्यावं, बस. शाखेतली प्रिती माझ्या ओळखीची. तिने संगणकावर पाहिलं आणि कपाळाला आठी घातली.

"उर्वी, ही तक्रार बंद झालीय. काल दुपारी तूच फोन करून मागे घेतलीस."

"मी नाही केला फोन."

"तुझ्याच नंबरवरून आलाय. जन्मतारीख, आईचं नाव, सगळं बरोबर सांगितलंयस." माझा चेहरा बघून तिने इकडेतिकडे पाहिलं. "खरं तर ऐकवायचं नसतं. पण हे घे..."

तिने इयरफोन माझ्या हातात दिले. मी ते कानात घातले.

आवाज माझाच होता. तसूभरही फरक नाही. पण मी इतकी निवांत कधी बोलत नाही. "अहो, तो खर्च माझाच आहे," ती म्हणत होती. "घरात दुसरी आहे ना, तिने उगाच तक्रार केली. तिला नसतं ठाऊक. जरा संशयी आहे, पण राहील आता गप्प."

बँकेतला मुलगा काहीतरी विचारत होता. ती उत्तर द्यायला थांबली, आणि त्या थांबण्यात मागे कुणीतरी पुरुष हसत असल्याचं मला ऐकू आलं. अगदी जवळून, तिच्या खांद्याशी असल्यासारखं, मोकळं, पोटातून येणारं हसू.

मी ते पुन्हा लावायला सांगितलं. मग आणखी एकदा. तो यतीन आहे हे ओळखायला मला तितका वेळ लागला, कारण तो असा हसतो हे मला ठाऊकच नव्हतं.