राहिलेली सुई

"पण कोणता पक्षी?"

अपघात विभागाच्या दारात उभी राहून स्वरदा पुन्हा पुन्हा विचारत होती. डॉक्टरांनी केसपेपरवर घाईघाईनं 'पक्ष्याने चोच मारली' एवढंच लिहिलं होतं, आणि सिस्टर आशाबाई पट्टी कापण्यात गुंग होत्या.

"पक्षी म्हंजे पक्षी! आता काय त्याचं आधार कार्ड मागू?" आशाबाई म्हणाल्या.

"टर्की," पडद्याआडून आवाज आला. "नर. लई तापट."

पडदा सरकला. आत बसलेल्या तरुणाच्या भुवईवर नुकतीच पट्टी लागली होती आणि केसांत एक करडं पीस अडकलं होतं. त्याला ते ठाऊक नव्हतं. सांगावं की नको, या विचारात स्वरदा क्षणभर त्याच्याकडे बघत राहिली... आणि तो तिच्याकडे.

"पक्ष्याची एवढी चौकशी कशाला, मॅडम?"

ती जालना रोडवरच्या त्या खासगी रुग्णालयात मेडिकल कोडर होती. डॉक्टर जे शब्दांत लिहितात, ते तिनं अक्षरं आणि आकडे मिळून झालेल्या ठरावीक खुणांमध्ये बसवायचं. त्या खुणांना कोड म्हणतात. नुसती जखम सांगून भागत नाही. ती कशानं झाली, यालाही कोड असतो. पोपट चावला तर एक, कोंबडीनं टोचलं तर दुसरा. आणि एक नियम तिच्या अगदी अंगात मुरला होता – जे लिहिलेलं नाही, ते मनानं धरायचं नाही.

"टर्कीला स्वतंत्र कोड आहे," ती हसू दाबत म्हणाली.

"आणि मेंढरांना?"

"मेंढरं... ती 'इतर खुरांचे प्राणी' यात येतात."

"इतर?" तो खरोखरच दुखावला. "आमच्या घरी आधी मेंढरं, मग आम्ही इतर!"

त्याचं नाव शिवशंकर. सोयगावकडचा जनावरांचा डॉक्टर. वडील सोनाजी अजून मेंढरं राखायचे. करमाडजवळच्या एका फार्मवर तो टर्कींना लस टोचायला आला होता, आणि त्यांतल्या एकाला ते मुळीच पटलं नव्हतं.

त्यानंतर तो अधूनमधून येऊ लागला. कधी मेंढ्यानं गुडघ्याला धडक दिलेली, कधी शेळीनं बोट चावलेलं. प्रत्येक वेळी केसपेपर अर्धवट असायचा आणि प्रत्येक वेळी स्वरदाला वरच्या ऑफिसातून खाली यावं लागायचं. निदान ती स्वतःला तसं सांगायची.

"आज कोणी?"

"बोकड."

"तुम्ही काय केलं होतं त्याला?"

"डोळ्यांत बघितलं. तेवढ्यानंच बिनसलं." मग किंचित थांबून – "सगळ्यांचं बिनसतं असं नाय, म्हणा."

तिनं मान खाली घातली. कानाच्या पाळ्या गरम झाल्या. पण त्यानं पुढं काही म्हटलं नाही... आणि न सांगितलेलं मनानं धरायचं, तर कसं?

मग एकदा तो आला, तो पायाला फडकं गुंडाळून. फर्दापूरला भटक्या कुत्र्यानं पोटरी धरली होती. जखम धुतली, रेबीजची पहिली सुई दिली. त्या दिवशी तोही फारसा हसला नाही. पुढच्या सुईला आला तेव्हा जाता जाता एवढंच म्हणाला, "ते कुत्रं मेलं."

चावलेलं कुत्रं लगेच मरणं चांगलं लक्षण नाही, हे स्वरदाला ठाऊक होतं. पण तो सुया घेतोय ना... उरलेल्याही घेईल ना.

तो आला नाही. तिसऱ्या सुईचा दिवस गेला, चौथीचाही. फोन लावला की एकच उत्तर – संपर्क क्षेत्राच्या बाहेर. सोयगावच्या सरकारी दवाखान्यातही तिनं फोन करून विचारलं, तिथंही त्याच्या नावावर सुई टोचलेली नव्हती. रेबीज एकदा अंगात भिनला की औषध उरत नाही. माणसाला पाण्याची भीती वाटायला लागते. पेला पुढं केला तरी घसा आवळतो. घरी आई पाण्याचा तांब्या ठेवायची आणि स्वरदा जेवण सोडून त्याच्याकडेच बघत बसायची.

"अगं, कुणाची एवढी काळजी?" आईनं विचारलं.

"एका पेशंटची."

आई नुसतीच "बरं" म्हणाली.

रविवारी सकाळी स्वरदा सोयगावच्या बसमध्ये बसली. गावात विचारत विचारत माळावर पोचली, तेव्हा लांबवर मेंढरं दिसली, आणि त्यांच्यात वाकलेला शिवशंकर. पाय ओढतोय का? की मलाच तसं वाटतंय? ती जवळजवळ पळतच गेली.

"मॅडम! तुम्ही? इथं?"

तिनं पर्समधली बाटली काढून पुढं धरली. "पाणी प्या."

"आत्ता? तहान नाय हो..."

तिनं बाटली आणखी पुढं केली. "नाही? घोटभरसुद्धा नाही?"

"झालंय काय?"

"प्या म्हणते ना!"

त्यानं घाबरून बाटली घेतली. एक घोट. दुसरा. तिची नजर त्याच्या गळ्यावर खिळली होती. बाटली रिकामी झाली, आणि स्वरदा मटकन बसून हमसाहमशी रडायला लागली.

झाडाखाली भाकरी बांधत असलेली त्याची आई म्हाळसाबाई उठून आली. "शिवा, काय केलंस रं पोरीला?"

"मी पाणी पिलो आई, बाकी काय नाय!"

"सुया..." स्वरदा हुंदक्यांतून म्हणाली. "राहिलेल्या सुया का नाही घेतल्या?"

तो खाली बसला आणि हळू आवाजात समजावू लागला. "आम्हा जनावरांच्या डॉक्टरांना कॉलेजातच ही लस आधी टोचतात. ज्यानं आधी पुरी घेतली, त्याला चावल्यावर दोनच पुरतात. बाकीच्यांना सगळ्या घ्याव्याच लागतात. मी सांगितलं होतं त्या डॉक्टरांना."

"पण केसपेपरवर तसं कुठं लिहिलंय!"

"आणि तेवढ्यासाठी तुम्ही इतक्या लांब...?"

डोळे पुसून ती म्हणाली, "आणखी काही सांगायचं राहिलंय का? आत्ताच सांगून टाका. मला अंदाज करता येत नाहीत."

तो मेंढरांकडं बघायला लागला. "हाय एक. पण... सगळ्यांसमोर कसं?"

"मेंढरं कुणाला सांगत न्हाईत," म्हाळसाबाई म्हणाली. "बोल लवकर."

"ते बोकडाचं, शेळीचं... नुसतं खरचटलं होतं. इथंच आयोडीन लावलं असतं तरी भागलं असतं." त्याचा आवाज बारीक झाला. "मी बसनं शहरात यायचो, ते तुम्ही खाली येऊन विचाराल म्हणून. पक्षी कोणता, जनावर कोणतं... तुम्ही विचारलं की बरं वाटायचं."

माळावरचं ऊन, वारा, मेंढरांच्या गळ्यातल्या घंटा – तिला सगळं एकदम ऐकू यायला लागलं.

"पुढच्या रविवारी जखम करून न घेता या," ती म्हणाली. "दवाखान्यात नाही. घरी. बाबा फार प्रश्न विचारतात, हं."

"चावत तर नाहीत?"

"अजून तरी कुणाला नाही. थांबा, आईलाच विचारते. इथं रेंज कुठं येते?"

"त्या धोंड्यावर चढलं की येती."

ती चढली. खाली शिवशंकर श्वास रोखून उभा. फोन लागला.

"आई, पुढच्या रविवारी जेवायला एक जण येणार आहे."

"कोण गं?"

तिनं सांगितलं – हळूच, ओठांतल्या ओठांत. वाऱ्यात आईला ऐकू गेलं नाही.

"कोण? मोठ्यानं बोल की!"

तेव्हा स्वरदा इतक्या मोठ्यानं बोलली की मेंढरांनी चरायचं थांबवून माना वर केल्या.

"मला आवडलेला माणूस, आई!"