काकाच्या खेळाची शेवटची प्रत

"अरे, विमानांचाही खेळ गेला!" चष्मिष ओरडला.

"पुन्हा? काल बेडकांचा गेला होता!" ताईने कपाळावर हात मारला.

"आईशप्पथ, मी हात नाही लावला!" धाकटा बडबड्या आधीच मोकळा झाला.

या सुट्टीत तिघा भावंडांनी जुन्या गेमिंग कन्सोलवरचे खेळ जपायचा विडा उचलला होता. तो कन्सोल आता कुणी बनवत नाही. त्याचं खेळ डाउनलोड करायचं ऑनलाइन दुकानही बंद पडलेलं. गेला तो खेळ कायमचाच गेला! त्यात काकाने स्वतः बनवलेला खेळही होता. काकाचा कॉम्प्युटर जळाल्यापासून जगात एवढी एकच प्रत उरली होती. प्रत काढायचं कार्ड घेऊन काका उद्या येणार होता.

"चोर असेल?"

"कन्सोल सोडून नुसते बेडूक चोरतो? कसला येडा चोर!"

"मग भूत!"

काही म्हणता काही कळेना. दुपारी तिघं सोफ्यामागे दबा धरून बसली.

पाऊल वाजलं. चक्क आत्या! 'डोळे फुटतील रे!' म्हणून रोज ओरडणारी आत्या हळूच पत्त्यांचा डाव खेळायला बसली. डाव संपल्यावर पडद्यावर अक्षरं आली : 'डाव ठेवायला जागा संपली. सर्वांत कमी खेळलेला खेळ काढू?' खाली नाव काकाच्या खेळाचं!

आत्याचं बोट 'हो'कडे सरकलं.

"आत्याऽऽ!" ताईने झेप घेऊन रिमोटच हिसकावला आणि 'नाही' दाबलं.

"अगं बाई! काय झालं?" आत्या गोंधळली. "ते विचारतं, मी हो म्हणते. फोनवरचं काढलं तरी परत मिळतंच की!"

"याचं दुकान बंद झालंय, आत्या! काकाचा खेळ कुठेच उरला नसता!"

आत्याने जीभ चावली. मग जागा मोकळी व्हावी म्हणून तिने आपले जपून ठेवलेले सगळे डाव स्वतःच पुसले.

दुसऱ्या दिवशी काकाने आधी प्रत काढली, मग खेळ सुरू केला. सगळा प्रकार आत्याने स्वतःच सांगितला. काका हसला, मग त्याचे डोळे भरून आले.

"शाबास रे पठ्ठ्यांनो! मी आयुष्यात पहिल्यांदा काही बनवलं, ते हे!"

"मग आम्हाला दाखव ना नीट," आत्या म्हणाली आणि सरकून तिने त्याला जागा करून दिली.