पुलाची तिसरी ओळ

परवा गोटी वीतभर गेली होती, काल हातभर. आज पुलाच्या टोकावर ठेवल्याठेवल्या ती घरंगळत गेली ती थेट पुलाच्या मधोमध जाऊनच थांबली.

"पूल खचतोय," भिंगरी म्हणाली.

"आणि तुझ्या बाबांची गाडी आजच येणारेय," तिच्या मामेभावाने, ढब्बूने, आठवण करून दिली. ढब्बू अंगाने काडीसारखा, पण नाव पडलं ते पडलंच.

भिंगरीचे बाबा गाडीवान. आजोबांच्या नव्या ग्रंथालयासाठी दगड भरलेली चार घोड्यांची गाडी घेऊन ते निघाले होते.

भिंगरीचं आजोळ म्हणजे मंत्रविद्येच्या पंडितांचं घराणं. मनोऱ्यावरचा दिवा, नळाचं पाणी, सगळं त्यांच्या पोथ्यांवर चालायचं. पुलाला तर खांबच नव्हते. रोज सकाळी पाच ओळी मोठ्याने वाचल्या की तो दिवसभर हवेत मजेत तरंगायचा.

"वाचनाची वेळ झालीय. चल, टेबलाखाली," भिंगरी म्हणाली.

दोघं वाचनघरात टेबलाखाली घुसली आणि लगेच मामा आणि मावशी आले. मामाने दोन ओळी खणखणीत वाचल्या. मग दोघांनी घसा खाकरला.

"तिसरी बसून वाचणार असशील तर माझी संमती नाही," मावशी म्हणाली.

"आणि उभं राहून वाचायची असेल तर माझी नाही. ओळ जड आहे, ती बसूनच पेलते."

"मग निकाल लागेपर्यंत सोडू?"

"सोडू."

चौथी, पाचवी, पोथी बंद! भिंगरी टेबलाखालून बाहेर आली ती डोकं आपटूनच.

"मामा, तिसरी ओळ राहिली!"

"राहिली नाही, प्रलंबित आहे," मामा म्हणाला. "आजोबा निकाल देतील. माझा निबंध चाळीस पानांचा झालाय. तुझ्या मावशीचा पंचेचाळीस."

"पण पूल खचतोय. बाबा येतायत."

"तीनशे वर्षं नाही खचला तो. जा, खेळा. आणि पोथीला हात लावू नका, सोळा वर्षांच्या आत ती वाचायची नाही, असा नियम आहे."

मामा आणि मावशी आपापल्या खोलीत गेले. भिंगरीने ढब्बूचा कान जवळ ओढला. "तू तुझ्या बाबांकडे जा. सांग, आत्या पुलावर उभी राहून वाचायला निघालीय, सगळं गाव बघायला आलंय. मी मावशीला सांगते, मामा तिथे मांडी ठोकून बसलाय."

"हे खोटं आहे."

"ते पोहोचेपर्यंतच."

मामा एका दाराने धावला, मावशी दुसऱ्या. दोघं एकदमच पुलापाशी पोहोचले आणि जागीच थिजले. पूल झोळीसारखा लोंबत होता. बाबांची गाडी लवकर आली होती, मधल्या खोलगटात रुतली होती, आणि चारही घोड्यांचे खूर घसरत होते.

"तू इथे काय करतोयस?"

"तूच काय करतेयस?"

"मावशी, मामा तुझ्या आधी वाचणारेय," भिंगरी म्हणाली.

झालं! मामा धप्पकन रस्त्यावर बसला, मावशी टाचा उंचावून उभी राहिली, आणि एकमेकांवर मात करायला दोघांनी तिसरी ओळ एका दमात, घसा ताणून म्हटली.

पूल कुरकुरला, आळस दिल्यासारखा ताणला गेला आणि वर आला. घोडे सरळ झाले.

"पाहिलंस? बसून!"

"डोळे आहेत ना? उभं राहून!"

"अहो विद्वानांनो," बाबा गाडीवरून ओरडले, "मी अजून पुलावर आहे. भांडण थोडं लांबणीवर टाकता का?"

आरडाओरडा ऐकून आजोबाही चष्मा शोधत पोहोचले. तो कपाळावरच होता. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, दोन मोठ्या पंडितांकडे बघितलं, मग दोन लहानांकडे.

"आठ दिवस मी या दोघांचे निबंध तपासत बसलो," ते म्हणाले, "आणि पूल तपासला तो या मुलांनी. शाबास रे पोरांनो. उद्यापासून तिसरी ओळ तुम्ही वाचायची."

"पण बाबा, सोळा वर्षांचा नियम," मामा पुटपुटला.

"तो आता प्रलंबित आहे."

"आजोबा, आम्ही बसून वाचायची की उभं राहून?" ढब्बूने विचारलं.

मामा आणि मावशीने श्वास रोखला.

"खिडकीत लटकून वाचा," आजोबा म्हणाले. "फक्त वाचा."